सही कुणाची होती? मुदत, ‘सात-अकरा’ आणि निकाल वाचताना होणारी चूक

समजा, भावांनी वडिलोपार्जित जमीन सतरा वर्षांपूर्वी परस्पर विकली, हे एका बहिणीला आज कळलं. ती दिवाणी कोर्टात दावा लावते. समोरचा खरेदीदार कैफियतही देत नाही. तो एक अर्ज टाकतो: खरेदीखत सतरा वर्षांपूर्वीचं आणि नोंदणीकृत आहे, मुदत तीन वर्षांची होती, सबब वादपत्र इथेच नामंजूर करावं. साक्ष नाही, उलटतपासणी नाही, पुरावा नाही. बहिणीचा दावा त्या अर्जावर संपावा का?

आता दुसरी बाजू बघा. एका माणसाने रीतसर पैसे मोजून जमीन घेतली. काही वर्षांनी भाव वाढल्यावर विकणारा येतो, ‘मला फसवलं’ म्हणतो आणि दावा लावतो. दावा दहा-बारा वर्षं चालणार. तेवढा काळ ती जमीन ना धड विकता येणार, ना तिच्यावर कर्ज मिळणार. या माणसालाही दहा वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवायला लावायच्या का?

दोन्ही प्रश्न खरे आहेत आणि दोन्हींचं उत्तर दिवाणी प्रक्रिया संहितेतल्या एकाच तरतुदीवर ठरतं: ऑर्डर सात, रूल अकरा, खंड (ड). वकिलांच्या बोलण्यात ‘सेव्हन इलेव्हन’. एलएलएमचा प्रबंध किंवा पीएचडीचा प्रस्ताव लिहायला बसलेल्यांना हा विषय सोपा वाटतो, कारण निकाल भरपूर आहेत आणि ते उघडपणे दोन बाजूंना जातात. मलाही तसंच वाटलं होतं. म्हणून आधी पाया, मग चार निकाल, आणि मग त्यांतल्या सगळ्यात जास्त उद्धृत होणाऱ्या निकालाबद्दल माझी तक्रार.

पाया: तीन दारं

मुदतीचा कायदा १९६३चा. त्याचं कलम ३ कडक आहे. मुदतीनंतर आलेला दावा कोर्टाने फेटाळायचाच, प्रतिवादीने मुदतीचा मुद्दा काढला नसला तरी. शिवाय उशीर माफ करायची जी सोय कलम ५ मध्ये आहे, ती अपिलांना आणि अर्जांना आहे, दाव्यांना नाही. म्हणजे दाव्यात ‘साहेब, थोडा उशीर झाला’ हे चालत नाही. एक तर मुदत संपलेली असते किंवा नसते.

पण कधी संपली हे कसं ठरवायचं? कायद्याच्या परिशिष्टात प्रत्येक प्रकारच्या दाव्यासाठी दोन गोष्टी दिल्या आहेत: मुदत किती, आणि ती कधीपासून मोजायची. विद्यार्थी पहिला रकाना पाठ करतात. भांडण मात्र जवळजवळ नेहमी दुसऱ्या रकान्यात असतं. दस्त रद्द करून मागायचा असेल तर अनुच्छेद ५९. मुदत तीन वर्षं, पण मोजायची ती दस्ताच्या तारखेपासून नव्हे, तर ज्या गोष्टींमुळे दस्त रद्द करून मागता येतो त्या वादीला पहिल्यांदा कळल्या तेव्हापासून. एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतून वगळलेल्या माणसाला हिस्सा हवा असेल तर अनुच्छेद ११०. बारा वर्षं, वगळल्याचं कळल्यापासून. मालकीच्या आधारे ताबा मागायचा असेल तर अनुच्छेद ६५. बारा वर्षं, प्रतिवादीचा ताबा विरोधी झाल्यापासून. त्यात कलम १७ची भर. दावा प्रतिवादीच्या फसवणुकीवर उभा असेल तर फसवणूक कळेपर्यंत, किंवा वाजवी दक्षता घेतली असती तर कळली असती तोपर्यंत, घड्याळ सुरूच होत नाही.

‘कळलं’ आणि ‘वाजवी दक्षता’ हे शब्द अधोरेखित करून ठेवा. पुढचं सगळं त्यांच्यावर आहे.

आता मुदतीचा मुद्दा कोर्टापुढे तीन दारांतून येऊ शकतो.

पहिलं दार सात-अकरा (ड). वादपत्रातल्या मजकुरावरूनच दावा कायद्याने बाधित आहे असं दिसलं, तर वादपत्र नामंजूर. इथे कोर्टाने फक्त वादपत्र आणि त्यासोबतचे कागद वाचायचे. प्रतिवादीची कैफियत बघायची नाही. सलीमभाई विरुद्ध महाराष्ट्र राज्य या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट सांगितलं, आणि हा अर्ज खटला संपायच्या आधी कोणत्याही टप्प्यावर करता येतो हेही सांगितलं.

दुसरं दार ऑर्डर चौदा, रूल दोन. मुद्दे काढल्यावर, निव्वळ कायद्याचा एखादा मुद्दा आधी ऐकता येतो, तो अधिकारक्षेत्राचा किंवा कायद्याने घातलेल्या मनाईचा असेल तर.

तिसरं दार म्हणजे नेहमीचं. साक्षीपुरावा, युक्तिवाद, शेवटी निकाल.

पहिल्या दारातून बाहेर पडलेल्या वादपत्राला ‘दावा फेटाळला’ म्हणू नका, ‘वादपत्र नामंजूर’ म्हणा. फरक नुसता शब्दांचा नाही. नामंजुरीचा हुकूम हा हुकूमनामा मानला जातो, म्हणून त्यावर अपील होतं. आणि रूल तेरा म्हणतो की नामंजुरीनंतर त्याच कारणावर नवीन वादपत्र आणायला हरकत नाही. कोर्ट फी कमी भरली म्हणून वादपत्र गेलं असेल तर हे ठीक आहे, फी भरा आणि परत या. पण मुदतीच्या कारणाने गेलं असेल तर नवीन वादपत्र आणखी उशिराचं ठरणार! म्हणजे कागदावर उघडं असलेलं दार इथे प्रत्यक्षात बंद आहे. मुदतीवरची नामंजुरी ही बहुतेक वेळा पुराव्याशिवाय लागलेला अंतिम निकाल असते. म्हणून ती जपून वापरायला हवी.

माझी चूक

माझ्या पहिल्या मसुद्यात मी दोन रकाने केले होते. एका बाजूला ‘मुदत हा कायदा आणि तथ्य यांचा मिश्र प्रश्न, पुराव्याशिवाय ठरणार नाही’ म्हणणारे निकाल. दुसऱ्या बाजूला ‘चलाख शब्दरचनेने मुदत वाचवता येणार नाही, वादपत्र नामंजूर’ म्हणणारे. खाली निष्कर्ष: सर्वोच्च न्यायालयाच्या भूमिकेत सुसंगती नाही.

मार्गदर्शकांनी मसुदा परत केला. समासात एकच प्रश्न लिहिला होता: “दस्तावर सही कुणाची होती?”

मला माहीत नव्हतं. मी निकाल वाचले होते ते सारांशावरून आणि शेवटच्या परिच्छेदांवरून. वादपत्रात काय लिहिलं होतं, हे निकालाच्या सुरुवातीच्या कंटाळवाण्या पानांत असतं, आणि तीच पानं मी उलटून गेलो होतो. परत बसून वाचलं. तेच वाचन इथे थोडक्यात देतो.

चार निकाल

*छोटनबेन विरुद्ध किरीटभाई ठक्कर, २०१८.* गुजरातमधली वडिलोपार्जित जमीन. वादींचं म्हणणं, भावांनी १९९६ साली आम्हाला अंधारात ठेवून खरेदीखत करून दिलं. दावा २०१३ सालचा. खालच्या कोर्टाने सात-अकराचा अर्ज फेटाळला, उच्च न्यायालयाने तो मंजूर केला, सर्वोच्च न्यायालयाने दावा परत जिवंत केला. कारण वादपत्र म्हणतं की आम्हाला आत्ता कळलं, आणि ते खरं की खोटं हे पुराव्यानंतरच ठरेल. खरेदीखतावर वादींची सही नव्हती.

*राघवेंद्र शरण सिंह विरुद्ध राम प्रसन्न सिंह, २०१९.* बिहारमधलं १९८१चं बक्षीसपत्र, २००३ सालचा दावा. बक्षीसपत्र नुसतं देखाव्यापुरतं होतं असं वादीचं म्हणणं. सर्वोच्च न्यायालयाने वादपत्र नामंजूर केलं. इथे बक्षीसपत्र खुद्द वादीनेच करून दिलं होतं. देखावा असेल तर तो पहिल्या दिवसापासून त्यालाच सगळ्यात आधी माहीत असणार.

*शक्ती भोग विरुद्ध सेंट्रल बँक, जून २०२०.* खातेदाराचं म्हणणं, बँकेने १९९७ ते २००० या काळात जास्त आकारणी केली. दावा २००५ सालचा. मधल्या काळात पत्रव्यवहार आणि नोटिसा. खालच्या तिन्ही कोर्टांनी वादपत्र घालवलं, सर्वोच्च न्यायालयाने परत आणलं. एक महत्त्वाचा फरक या निकालाने नीट मांडला. अनुच्छेद ५८ मध्ये दाव्याचा हक्क ‘पहिल्यांदा’ निर्माण झाल्यापासून मुदत मोजायची. अनुच्छेद ११३ मध्ये ‘पहिल्यांदा’ हा शब्दच नाही. कोणता अनुच्छेद लागू, यावरच उत्तर फिरतं.

*दहिबेन विरुद्ध अरविंदभाई भानुशाली, जुलै २०२०.* सुरतकडची शेतजमीन. जुलै २००९चं नोंदणीकृत खरेदीखत, किंमत १ कोटी ७४ लाख २ हजार रुपये, खतात ३६ धनादेशांचा उल्लेख. वादींचं म्हणणं, आम्ही निरक्षर, आम्हाला फक्त ४० हजार मिळाले, बाकीचे धनादेश खोटे. मधल्या काळात, २०१३ साली, खरेदीदाराने जमीन पुढे विकली. दावा डिसेंबर २०१४चा. वादपत्र तिन्ही पायऱ्यांवर नामंजूर. खरेदीखत वादींनीच करून दिलेलं.

आता हे चार एका रांगेत ठेवून बघा. जून आणि जुलै २०२०चे दोन निकाल पाच आठवड्यांच्या आत आले आणि उलट दिशांना गेले, म्हणून माझ्या पहिल्या मसुद्यात ते विसंगतीचा ठळक पुरावा होते. पण वाचताना दिसतं की एक आकारणीच्या वादाचा आहे, दुसरा दस्त रद्द करण्याचा. अनुच्छेद वेगळे आहेत आणि मुदत सुरू होण्याचा क्षणही वेगळा. दस्ताच्या तीन खटल्यांत तर रेघ आणखी स्पष्ट आहे. जो स्वतः दस्ताचा पक्षकार आहे त्याच्या ‘मला आत्ता कळलं’ला कोर्ट कमी जागा देतं. जो पक्षकार नाही त्याला पुरावा द्यायची संधी देतं. हा फरक न्याय्य आहे असं मला वाटतं. बहिणीला नोंदणी कार्यालयात काय झालं हे कळायचं काही कारण नव्हतं. बक्षीसपत्र करून देणाऱ्याला होतं.

म्हणजे विसंगती नाहीच? आहे, पण ती निकालांच्या उत्तरात नसून कारणमीमांसेत आहे.

दहिबेनबद्दल माझी तक्रार

दहिबेनचं उत्तर बरोबर आहे असं मला वाटतं. तक्रार आहे ती उत्तरापर्यंत चढायला वापरलेल्या शिडीबद्दल.

निकालाला दोन आधार आहेत. पहिला आधार निव्वळ कायद्याचा. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५४ प्रमाणे विक्री म्हणजे दिलेल्या, किंवा देण्याचं वचन दिलेल्या, किंवा अर्धी दिलेल्या आणि अर्ध्याचं वचन दिलेल्या किमतीच्या बदल्यात मालकीचं हस्तांतरण. त्यामुळे किंमत पूर्ण मिळाली नाही म्हणून नोंदणीकृत विक्री रद्द होत नाही. राहिलेल्या पैशासाठी दावा करा, खत रद्द करून मागू नका. वादींची सगळी हकीकत खरी धरली तरी त्यांनी मागितलेली दाद त्यातून निघत नाही. हे सात-अकराचं आदर्श काम आहे. वादपत्र पूर्ण खरं मानायचं आणि मग विचारायचं की यातून दावा उभा राहतो का.

दुसरा आधार मुदतीचा. इथे न्यायालय असं म्हणतं की जवळपास ९९ टक्के किंमत मिळाली नाही आणि तरी वादी साडेपाच वर्षं साधी नोटीसही न देता गप्प बसले, ही गोष्ट कल्पनेपलीकडची आहे.

थांबा आणि हे वाक्य कोणत्या जातीचं आहे ते बघा. ‘वादपत्रातच लिहिलं आहे की यांना २००९ साली कळलं’ असं हे वाक्य म्हणत नाही. ते म्हणतं, ‘वादी सांगतात ते पटत नाही.’ पटणं न पटणं ही पुरावा तोलण्याची भाषा आहे. ती तिसऱ्या दारातली आहे, पहिल्या दारात तिला जागा नाही. माणूस साडेपाच वर्षं गप्प का बसला याची उत्तरं असू शकतात: भीती, नात्यातली भीड, ‘देतो देतो’ची आश्वासनं, वकील परवडत नाही. दहिबेनमध्ये यातलं काही होतं असं मी म्हणत नाही. पण पुढच्या एखाद्या दाव्यात असेल, आणि ते उलटतपासणीत टिकतं का हे बघायची सोय सात-अकराच्या टप्प्यावर नाही.

गंमत अशी की या वाक्याची गरजच नव्हती. मुदतीच्या मुद्द्यावरही सरळ वाट होती. वादींनी खत आम्ही केलंच नाही असं म्हटलं नव्हतं, पैसे मिळाले नाहीत एवढंच म्हटलं होतं. आपल्याला पैसे मिळाले नाहीत हे कळायला दुय्यम निबंधक कार्यालयातली सूची काढावी लागत नाही. शिवाय ऑर्डर सात, रूल सहा सांगतो की मुदतीनंतर आलेल्या दाव्यात सूट कोणत्या कारणाने मागता ते वादपत्रातच लिहा. म्हणजे एवढंच पुरे होतं: वादींच्या स्वतःच्या हकीकतीप्रमाणे जी गोष्ट त्यांना खटकते, ती २००९ सालीच त्यांच्या माहितीतली होती, आणि नंतर कळल्याचं जे कारण दिलंय ते त्या गोष्टीचं नाहीच. निष्कर्ष तोच, पण ‘कल्पनेपलीकडचं’ या शब्दाशिवाय.

तुम्ही म्हणाल, उत्तर बरोबर आलं ना, मग शिडीचं काय एवढं? कारण खालची कोर्टं उत्तर वापरत नाहीत, शिडी वापरतात. प्रत्येक जमिनीचं उत्तर वेगळं असतं, पण ‘नोंदणीकृत दस्त, इतकी वर्षं गप्प, सबब चलाख शब्दरचना’ हे वाक्य कुठल्याही अर्जात बसतं. छोटनबेनसारख्या दाव्यातही बसतं. तिथे वादी दस्ताचे पक्षकार नाहीत हे लक्षात न घेता ते बसवलं, तर सुरुवातीच्या त्या बहिणीचा दावा पहिल्याच दारात संपतो. चलाख शब्दरचनेची कसोटी मूळ १९७७च्या टी. अरिवनंदम निकालातली. तिथे वादी आधीच्या खटल्यात हरून पुन्हा पुन्हा कोर्टात येत होता. ‘उशिरा कळलं’ म्हणणारा प्रत्येक वादी तसा नसतो.

महाराष्ट्रानं केलेला प्रयोग

‘मग मुदतीचा प्रश्न सुरुवातीलाच, पण पुरावा घेऊन ठरवावा’ असं कुणाच्या मनात येईल. आपल्या राज्याने जवळजवळ तेच करून बघितलं आहे.

महाराष्ट्राने १९७७ साली संहितेत कलम ९-अ घातलं होतं. अंतरिम हुकमाच्या सुनावणीत अधिकारक्षेत्राचा आक्षेप आला, तर तो आधी प्राथमिक मुद्दा म्हणून ठरवायचा. हेतू चांगला होता, अधिकार नसलेल्या कोर्टातून तात्पुरती मनाई मिळवण्याला आळा घालायचा. पण पुढे प्रश्न आला की दावा मुदतबाह्य असणं हाही ‘अधिकारक्षेत्रा’चाच आक्षेप का? २०१५ साली फोरशोअर गृहनिर्माण संस्थेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हो म्हटलं. त्याच वर्षी दुसऱ्या पीठाने ९-अचा अर्थ संकुचित लावला. शेवटी २०१९ साली नुस्ली वाडिया विरुद्ध आयव्हरी प्रॉपर्टीज या निकालात मोठ्या पीठाने फोरशोअर चुकीचा ठरवला. तोवर २०१८ साली राज्याने कलमच वगळलं होतं.

यातून शिकण्यासारखं आहे. प्राथमिक मुद्द्यावर पुरावा घेतला की तो मुद्दाच एक छोटा खटला होतो. त्यावर साक्षीदार, त्यावर निकाल, त्यावर वरच्या कोर्टात दाद, आणि मूळ दावा बाजूला पडून. वादी जिंकला तर तेच साक्षीदार पुन्हा पिंजऱ्यात. लवकर निकाल लागावा म्हणून केलेली सोयच उशिराचं कारण ठरते. म्हणजे पेच असा: पुराव्यासकट लवकर ठरवायला गेलं की लवकर होत नाही, आणि पुराव्याशिवाय ठरवलं की जे ‘कळण्या’वर अवलंबून आहे ते अंदाजाने ठरतं. यातून सुटायची वाट एकच दिसते, पहिलं दार अरुंदच ठेवायचं. वादपत्र पूर्ण खरं मानूनही दावा बाधित होत असेल तरच नामंजुरी. नाहीतर कैफियत घ्या, मुदतीचा मुद्दा काढा आणि खटला वेगाने चालवा. खरेदीदाराला न्याय द्यायचा तो खटल्याचा वेग वाढवून, बहिणीचं तोंड बंद करून नव्हे.

संशोधनाला बसण्याआधी

या विषयावर, किंवा निकालांची तुलना लागणाऱ्या कुठल्याही विषयावर काम करणार असाल, तर प्रत्येक निकालासाठी हे पाच रकाने भरा. ‘मंजूर की नामंजूर’ हा रकाना सगळ्यात शेवटी.

१. दाद कोणती मागितली? दस्त रद्द, घोषणा, ताबा, वाटप की पैसे?
२. त्यावरून कोणता अनुच्छेद, आणि त्याच्या दुसऱ्या रकान्यात घड्याळ कशापासून सुरू होतं?
३. वादी दस्ताचा पक्षकार आहे का? त्याची सही किंवा अंगठा आहे का?
४. कधी आणि कसं कळलं, याबद्दल वादपत्रात नेमकं काय लिहिलंय? तारीख आहे का?
५. मुदतीवरचं कारण वादपत्रातून निघतंय, की कोर्टाला ते ‘पटलं नाही’ म्हणून आलंय?

पाचवा रकाना भरायला वेळ लागतो, कारण त्यासाठी निकालाची ती कंटाळवाणी पानं वाचावी लागतात. सारांशात हे नसतं. माझा दोन रकान्यांचा तक्ता एका दिवसात झाला होता आणि चुकीचा होता. हा तक्ता अजून भरतोय. त्यात ‘विसंगती’ हा शब्द आता फार कमी वेळा लिहावा लागतो, आणि जिथे लिहितो तिथे कोणत्या वाक्यात विसंगती आहे हे बोट ठेवून दाखवता येतं.